पीक काढणीला आले की



बाजारभावाच्या बैठकीत सिनेमाची गोष्ट कशाला, असे वाटेल. पण ही गोष्ट आपल्या सांगोल्याला लागून असलेल्या आटपाडीची आहे. तिथे स्वतंत्रपुरात औंध संस्थानाने कैद्यांना भिंतीवाचून ठेवले, शेतीला लावले. त्यावरून त्याच मुलखातल्या ग. दि. माडगूळकरांनी कथा लिहिली आणि व्ही. शांताराम यांनी १९५७ साली 'दो आँखें बारह हाथ' काढला. सहा कैदी माळावर भाजी पिकवतात. ती बाजारात स्वस्त विकू लागताच व्यापाऱ्याची माणसे त्यांना मारतात, पिकात बैल घालतात. ती बैलाची झुंज चित्रित करताना शांतारामांच्या डोळ्यांना इजा झाली.

याच्या ३ वर्षे आधी, १९५४ साली, जपानात अकिरा कुरोसावांनी 'सेव्हन सामुराई' काढला. सामुराई म्हणजे तिकडचे तलवारबहाद्दर. त्यात दरोडेखोर गावाकडे बघून ठरवतात : आता नको, सातू पिकला की येऊ. गावकरी ७ सामुराई आणतात. मजुरी काय, तर पोटापुरता भात. स्वतः मात्र भरड धान्य खातात.

कुरोसावांनी यासाठी अख्खे गाव उभारले. गर्दीतल्या माणसांचीही कुटुंबवार यादी केली; शेतकरी म्हणजे नुसता घोळका नव्हे. खर्च वाढला, कंपनीने मध्येच काम थांबवले. पण पावसातली लढाई त्यांनी मुद्दाम शेवटी ठेवली होती. तिच्याशिवाय सिनेमा पुरा होईना. ती कडाक्याच्या थंडीत, चिखलात उभे राहून घेतली.

त्यातला एक प्रसंग ध्यानात ठेवा. ओढ्यापलीकडची ३ घरे वाचवता येणार नाहीत, असे ठरते. ती माणसे रांग सोडून निघतात. म्हातारा सामुराई तलवार उपसून त्यांना परत आणतो. फक्त आपले घर बघणारा स्वतःही बुडतो. शेवटी ७ पैकी ४ सामुराई मरतात, आणि तोच म्हातारा म्हणतो की जिंकले ते शेतकरी.

दोन्हीकडे पेरताना कोणी आडवे आले नाही. लूट आली ती माल तयार झाल्यावर.

आपल्याकडे सामुराई येणार नाहीत. पेरणीच्या बैठका आपण पुष्कळ घेतो. यंदा ज्वारी खळ्यावर आणि कापूस घरात येण्याआधी एक बैठक विक्रीची घ्या. कोणी, कुठे, कधी, कोणत्या भावाने माल घालायचा ते ठरवा. आणि ओढ्यापलीकडच्या ३ घरांना आधी बोलवा.