चंपाषष्ठी आणि खानदेशी भरीत

मार्गशीर्षातली चंपाषष्ठी आली, की चातुर्मासात वर्ज्य असलेलं वांगं पुन्हा ताटात येतं. जळगावकडे त्याचं भरीतच हवं! इथलं वांगं हिरवट-पांढरं, मोठं, कमी बियांचं. आसोदा, बामणोद ही त्यासाठी नावाजलेली गावं. २०१६ साली ‘जळगाव भरीत वांगी’ला भौगोलिक मानांकन मिळालं.

शेतातच पऱ्हाट्या, म्हणजे कपाशीच्या वाळलेल्या काड्या, पेटवून त्यावर वांगी भाजतात. सालं काढून गर लाकडी भांड्यात ठेचतात. मग ठेचलेली हिरवी मिरची, लसूण, शेंगदाणे आणि कांद्याची पात तेलात परतून त्यात गर मिसळतात. सोबत ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी. घरी गॅसवर वांगं भाजणार असाल, तर आधी त्याला टोचे मारा. नाहीतर ते फुटतं!