१ लाख मैल, ५० हजार फूट

२ ऑक्टोबर १९३७. न्यूयॉर्कहून डब्लिनला निघालेल्या बोटीवर ए. के. चेट्टियार या तरुण तमिळ पत्रकाराच्या मनात आलं, गांधीजींवर माहितीपट करावा. तोही मुख्यतः जगभर आधीच चित्रित झालेले तुकडे गोळा करून.

पण हे तुकडे होते कुठे? वृत्तपट चित्रगृहात चार दिवस चालत आणि रिळं गोदामात जाऊन पडत. डब्यावर लिहिलेलं असेल तेवढीच त्यांची ओळख. ‘लंडन, १९३१’ म्हणजे गोलमेज परिषद, की नुसतीच घोड्यांची शर्यत? डबा उघडल्याशिवाय कळायची सोय नाही.

चेट्टियार सुमारे १ लाख मैल फिरले. तीस वर्षांत शंभरेक कॅमेरामननी टिपलेली ५० हजार फूट फिल्म त्यांनी मिळवली. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट सरकते. म्हणजे हा नऊ तासांहून जास्त ऐवज झाला. त्यातली १२ हजार फूट ठेवून २३ ऑगस्ट १९४० रोजी चित्रपट प्रदर्शित झाला.

आणि पुढे तो चित्रपटच दिसेनासा झाला! त्याच्या १९५३च्या इंग्रजी आवृत्तीची प्रत इतिहासकार ए. आर. वेंकटाचलपती यांना २००६ साली सापडली, तीही सॅन फ्रान्सिस्कोत.

आज हेच काम करणाऱ्या फुटेज रिसर्चरला बोटीत बसावं लागत नाही. ‘ब्रिटिश पाथे’ या वृत्तपट कंपनीनं २०१४ मध्ये ८५ हजार फिल्म यूट्यूबवर टाकल्या. पण दिसलं म्हणजे वापरता आलं, असं नाही. किती सेकंद, कोणत्या देशांत, किती वर्षं, टीव्ही की ओटीटी, यावर वापराचा दर ठरतो. करार होईपर्यंत हाती येते ती मधोमध कंपनीचं नाव उमटवलेली प्रत. संकलक तिच्यावरच जुळणी करतो, आणि दर ऐकल्यावर निर्माता त्यातले आवडते शॉट आधी कापायला लावतो.

काही फुटेज मात्र पैसे मोजूनही मिळत नाही. १९०१ साली रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हा मुंबईतलं त्यांचं स्वागत सावेदादा भाटवडेकरांनी चित्रित केलं. भारतातला हा पहिला वृत्तपट, असं मानतात. त्याचं रीळ आज उपलब्ध नाही.

तुमच्या माळ्यावर आजोबांचा ८ मिलिमीटरच्या फिल्मचा डबा असेल आणि उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला, तर ती फिल्म खराब होऊ लागली आहे असं समजा. फेकू नका, प्रोजेक्टरवरही चढवू नका. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, तिथे विचारा. आणि त्याआधी, आठवतंय तोवर, गाव, वर्ष आणि माणसांची नावं डब्यावर लिहून ठेवा.