‘फ’च्या घरचे पाहुणे

(मंडळाच्या गणेशोत्सवात दिलेले भाषण)



भाषणाचा विषय काय, असं सचिवांनी फोनवर विचारलं तेव्हा आम्ही म्हणालो, ‘फ’. ते बराच वेळ थांबले. पुढचे शब्द तुटले असावेत असं त्यांना वाटलं. पण काही तुटलं नव्हतं, विषय खरोखर एवढाच आहे. फ पासून सुरू होणारे छोटे छोटे इंग्रजी शब्द, जे आपल्या घरात येऊन राहिले आणि परत गेलेच नाहीत. फोन, फोटो, फाइल, फॉर्म, फी, फॅन, फ्रिज, फ्यूज, फ्लॅट, फ्रॉक, फंड, फिट, फेल, फ्री, फुल, फूट. सोळा झाले. यातल्या एकाही शब्दासाठी इथल्या कुठल्या आजींना शब्दकोश उघडावा लागणार नाही.

मोठ्या इंग्रजी शब्दांचा आपल्यावर दाब पडतो. छोट्यांचा पडत नाही, ते तोंडात टाकले की विरघळतात. त्यातून ते एकाच अक्षराचे असले की एकामागून एक म्हणायला मजा येते. शाळेत आपण याला अनुप्रास म्हणून दोन गुणांना लिहीत होतो. इंग्रजांकडे तर जुन्या काळी कविताच अशी असे. त्यांच्या हजार वर्षांपूर्वीच्या काव्यात ओळीच्या शेवटी यमक नाही, ओळीतले ठळक शब्द एकाच आवाजानं सुरू होतात आणि त्यावर ओळ पेलली जाते. त्यांच्या कानाला ही सवय जुनी आहे, आपल्याला ती काकांच्या कागदाचे कात्रीने कापलेले कोपरे वगैरे जीभ वळवण्याच्या खेळांतून मिळते.

आता फ च का? कारण फ हे अक्षर मुळात फुंकर आहे. ओठ मिटा आणि हवा सोडा, फ तयार. म्हणून ज्या ज्या ठिकाणी हवा भरते, सुटते किंवा काही उघडं पडतं, तिथे मराठीला हेच अक्षर आठवलं. फुगणं, फुटणं, फाटणं, फुलणं, फसफसणं, फडफडणं, फेकणं. आपल्या माणसांनी मोटरसायकल पाहिली, तिचं इंग्रजी नाव बाजूला ठेवलं आणि आवाज ऐकून तिला ‘फटफटी’ म्हटलं. इतकं चपखल नाव कंपनीलाही सुचलं नसतं. इंग्रजीतही हलण्या-उडण्याचे कितीतरी शब्द याच फुंकरीनं सुरू होतात, फ्लाय, फ्लो, फ्लॅप, फ्लॅग, फ्लेम. एका सुरुवातीच्या शब्दांत अर्थाचीही एक छटा सारखी असते, या गोष्टीला शास्त्रीय नाव दिलं ते १९३० साली जे. आर. फर्थ या इंग्रज भाषाशास्त्रज्ञानं. हे गृहस्थ त्याआधी बरीच वर्षं लाहोरला पंजाब विद्यापीठात इंग्रजी शिकवत होते. आणि आडनाव बघा, फर्थ.

पण खरी गंमत यापेक्षा जुनी आहे. आपण ज्यांना पाहुणे म्हणतो आहोत, त्यांतले काही आपले भाऊबंदच आहेत. १७८६ साली सर विल्यम जोन्स यांनी कलकत्त्यात सांगितलं की संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन या एकाच मुळातून आलेल्या दिसतात. पुढे १८२२ मध्ये जर्मनीच्या याकोब ग्रिमनं आवाजांचा हिशेब मांडला. हा ग्रिम म्हणजे मुलांच्या परीकथा जमवणाऱ्या दोन ग्रिम बंधूंपैकी थोरला. त्याच्या हिशेबातलं एक कलम असं, की जिथे संस्कृतात आणि लॅटिनमध्ये प आहे तिथे इंग्रजी आणि जर्मनच्या कुळात फ येतो. आता लावून पाहा. पितृ, तिकडे फादर. पंच, तिकडे फाइव्ह. पूर्ण, तिकडे फुल. पाद, म्हणजे आपला पाय, तिकडे फूट. छप्पन दुकानवर आपण ‘फुल प्लेट पोहे’ मागतो तेव्हा खरं तर पूर्णाचाच चुलतभाऊ मागवतो, आणि त्याच्यावर शेव टाकून घेतो.

फूट या शब्दावर थोडं थांबू. आम्ही पडलो शासकीय बांधकामातले डिप्लोमावाले, त्यामुळे त्याच्याशी रोजचा संबंध. मेट्रिक मापांचा कायदा १९५६ चा. तेव्हापासून आमच्या कागदांवर मीटर, चौरस मीटर, घनमीटर. अंदाजपत्रकात फूट सापडणार नाही. पण जागेवर मिस्त्रीला ‘तीन मीटर’ म्हटलं की तो मान हलवतो आणि हाताखालच्या माणसाला सांगतो, ‘दहा फूट’. घर घेणारा तर ‘किती स्क्वेअर फूट’ एवढंच विचारतो. बारा इंच, म्हणजे ३०.४८ सेंटीमीटर, हे राजपत्रातून गेलं पण जिभेवरून गेलं नाही, कारण शब्द छोटा आहे आणि मराठीनं त्याला पक्कं घरात घेतलं आहे. ‘दहा फुटांवर’, ‘सहा फुटी’, ‘फूटपट्टी’. दीर्घ ऊ चा ऱ्हस्व झाला, अनुस्वार लागला, जसं आपण कोणत्याही घरच्या शब्दाचं करतो. मराठीत आधीपासून एक ‘फूट’ होतीच, भाऊबंदकीतली. दोघांची गल्लत होत नाही, कारण तो फूट बारा इंचांचा असतो आणि ती फूट घरात पडते. एका लिंगानं दोन शब्द वेगळे ठेवले.

‘फिट’चंही तसंच. आपल्याकडे फिटणं हे क्रियापद जुनं. कर्ज फिटतं, पांग फिटतात, डोळ्यांचं पारणं फिटतं. त्याच्या शेजारी इंग्रजी फिट येऊन बसला. तब्येत फिट, झाकण फिट. मग मराठीनं त्याला आपली लकब दिली आणि त्याचा ‘फिट्ट’ केला, घट्ट आणि गच्च यांच्या रांगेत. हा जोडाक्षराचा ठसका इंग्रजीत नाही. झाकण नुसतं फिट बसलं तर डबा पिशवीत गळू शकतो, फिट्ट बसलं तर प्रश्न नाही.

आणि ‘फॉर्म’. भरायचा तोही फॉर्म आणि फलंदाज ज्यात असतो तोही फॉर्म. होळकर संघानं १९४५-४६ ते १९५२-५३ या काळात चार वेळा रणजी करंडक जिंकला. सी. के. नायडूंचा तो संघ, चंदू सरवटे, भाऊसाहेब निंबाळकर त्यात खेळले. त्या दिवसांचं बोलणं निघालं की आमच्या आधीच्या पिढीतली माणसं ‘काय फॉर्मात होते!’ असंच म्हणतात. ‘फॉर्मात’ म्हणतात, ‘फॉर्ममध्ये’ नाही. छापखान्यात ही स्मरणिका ज्यात मोजली जाईल तो ‘फर्मा’सुद्धा याच कुळातला, दोघांच्या मुळाशी लॅटिनमधला ‘फोर्मा’ आहे.

काही जण म्हणतील, हे कौतुक पुरे, हे आक्रमण आहे. आक्रमणं आपल्या भाषेनं आधीही पाहिली आहेत. फौज, फर्मान, फिर्याद, फायदा, फरक, फक्त, हे सगळे फ फारसीच्या वाटेनं आले. शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला, तो दरबारातल्या अशा शब्दांना संस्कृत पर्याय देण्यासाठीच. तरीही ‘फक्त’ काढून टाकला तर आज आपल्याला एक साधं वाक्य पुरं करता येणार नाही. पोर्तुगीजांकडून ‘फीत’ आली. उद्घाटनाला कापतो ती तीच, आणि आमच्या खात्यावर ज्या लाल फितीचा आरोप होतो तीही तीच. सावरकरांनी प्रतिशब्दांची मोहीम काढली, तिच्यातले कितीतरी शब्द रुजले. दिनांक, क्रमांक, महापौर हे आज परके वाटतच नाहीत. फिल्मच्या जागी चित्रपट छान बसला. पण टेलिफोनचा दूरध्वनी मात्र लेटरहेडवरच राहिला, तोंडात फोनच. आमच्या कार्यालयात लिहिताना ‘नस्ती’ आणि हाक मारताना ‘फाइल’. आमचं मत असं, की पर्यायी शब्द मूळ शब्दाइतका लहान नसेल तर तो कागदावर जगतो.

तर इंग्रजी शब्द आले याची आम्हाला चिंता नाही. चिंता दुसरीच आहे, आणि ती इंदूरची आहे.

पुण्यात इंग्रजी शब्द येतो तो मराठीच्या घरी येतो. आपल्याकडे तो दोन घरांच्या सामाईक अंगणात उतरतो, एका बाजूला मराठी, दुसऱ्या बाजूला हिंदी. तो कुणाकडे जेवला हे त्याच्या लिंगावरून कळतं. मराठीत तो फोटो. इंदुरी हिंदीत बहुतेकांच्या तोंडी ‘मेरी फोटो’. आता आपली मुलं काय म्हणतात ते ऐका, ‘माझी फोटो काढ’. मराठीत तो फ्रॉक, ‘नवा फ्रॉक घातला’. हिंदीत ‘नई फ्रॉक पहनी’. आपल्या घरात, ‘नवी फ्रॉक घातली’. आपली ‘फी’ त्यांची ‘फीस’, आणि आपल्याकडे आता ‘शाळेची फीस भरली’. आजी म्हणायची, ‘हे काय नवीन फॅड?’ नातू म्हणतो, ‘हा काय नवीन फॅड’. यात इंग्रजी शब्द तोच आहे, एक अक्षर बदललेलं नाही. बदललं ते त्याच्या आजूबाजूचं मराठी. ‘हे’ गेलं. हिंदीत नपुंसकलिंग नाही, म्हणून आपल्याकडूनही ते चाललं आहे. आज ‘हा फॅड’, उद्या ‘माझा नाव’. उद्या कशाला, ‘माझा नाव’ आम्ही याच मंचावर ऐकलं आहे. मुलांना हसू नका. ती दिवसातले आठ तास हिंदीत आणि इंग्रजीत असतात, मराठीला मिळतं ते जेवणाचं ताट आणि झोपण्याआधीची पंधरा मिनिटं.

दुसरी खूण आम्हाला त्याहून बोलकी वाटते. आपण शब्दाला एक निरर्थक जोडीदार लावतो. चहा-बिहा, पुस्तक-बिस्तक. मराठीचा नियम साधा, पहिल्या अक्षराच्या जागी ‘बि’. फोन-बिन, फोटो-बिटो, फॉर्म-बिर्म. हिंदीचा नियम वेगळा. तिथे स्वर तसाच ठेवून व्यंजनाच्या जागी ‘व’ घालतात. चाय-वाय, फोन-वोन, फोटो-वोटो, फॉर्म-वॉर्म. हे कुणी शाळेत शिकवत नाही, कुठल्या परीक्षेत येत नाही. माणूस बेसावध असताना जे निघतं ते खरं. म्हणून घरी जाऊन आपल्या मुलांना काही सांगू नका, नुसतं ऐका. ‘आई, मी फोन-बिन नाही केला’ असं आलं तर मराठी अजून स्वयंपाकघरापर्यंत आहे. ‘फोन-वोन’ आलं तर ती दिवाणखान्यात, आल्यागेल्यासाठी ठेवलेली आहे.

हिंदीशी आपलं भांडण नाही. या गावानं १९३५ साली हिंदी साहित्य संमेलन भरवलं, गांधीजी अध्यक्ष होते. त्याच वर्षीचं मराठी साहित्य संमेलनही इथेच झालं, औंधचे भवानराव पंतप्रतिनिधी अध्यक्ष होते. एका वर्षात दोन्ही भाषांचं यजमानपद निभावणारं गाव आहे हे. इथल्या जुन्या मराठी माणसाला दोन्ही घरांचे नियम ठाऊक असत, सराफ्यात ‘फोटो खिंचवाई’, घरी आल्यावर ‘फोटो काढला’. देहलीवर चपला काढाव्यात तसं तो हिंदीचं लिंग बाहेर काढून ठेवायचा. आम्हाला तेवढंच हवं आहे. शुद्ध मराठीचा आग्रह नाही, ‘प्रशीतक उघड’ असं कुणी म्हणू नये. ‘फ्रिज उघड’च म्हणा. पण फ्रिजमधलं पाणी ‘थंड पाणी दिला’ होऊ नये, ‘थंड पाणी दिलं’ राहावं.

छोट्या शब्दांचा हा एक उपयोग आहे, की ते सरावाला बरे पडतात. मुलाला ‘व्याकरण शिकवतो’ म्हटलं की ते पळतं. ‘फ चे दहा शब्द सांग आणि प्रत्येकाला तो, ती, ते लाव’ म्हटलं की बसतं, आणि भांडायलाही लागतं. फंड तो, फाइल ती, फर्निचर ते. ‘फाइल’चं अनेकवचन ‘फायली’ होतं हे कळल्यावर एका मुलीनं आम्हाला विचारलं, ‘मग स्माइलचं स्मायली होतं का?’ आम्ही सभागृहावर सोपवतो.

उद्या सकाळी दहा वाजता याच मंडपात हाच खेळ ठेवला आहे. चिठ्ठीत फ चा एक शब्द निघेल. त्याला लिंग लावायचं, अनेकवचन करायचं, एक वाक्य बोलायचं आणि शेवटी ‘बि’ची जोडी लावायची. वयाची अट नाही, आजोबांनीही यावं, मात्र नातवाला मागून सांगू नये. फॉर्म मंडपाच्या मागच्या टेबलावर ठेवले आहेत. फी नाही.