कर्मवीर कन्नमवार : खुर्चीआधीची वाटचाल



वैशाखात आपल्याकडे उन्हे उतरल्याशिवाय सभा भरत नाही, आणि तेंदूच्या हंगामात पहाटे उठायचे असल्याने ती फार लांबवूनही चालत नाही. म्हणून थेट विषयाकडे वळतो.

मारोतराव सांबशिव कन्नमवार हे महाराष्ट्राचे दुसरे मुख्यमंत्री आणि त्या पदावर बसलेले विदर्भाचे पहिले गृहस्थ. ‘आपल्या जिल्ह्याचा माणूस मुख्यमंत्री झाला,’ एवढे अभिमानाने म्हणून आपण थांबतो. माझ्या मते तिथे थांबणेच चुकते. ते पद त्यांच्याकडे एक वर्ष आणि चार दिवस होते. त्याआधीचे आयुष्य पाहिल्याशिवाय त्या एका वर्षाचा अर्थ लागत नाही.

त्यांचा जन्म १० जानेवारी १९०० चा. घर गरिबीचे, समाज बेलदारांचा, संख्येने लहान. जमीनजुमला नाही, हाती पदवी नाही. तरुणपणी त्यांनी वर्तमानपत्रे विकून चरितार्थ चालवला. हे काम मला क्षुल्लक वाटत नाही. वर्तमानपत्र विकणारा दारोदार जातो. लोक कशाने अस्वस्थ आहेत आणि कशाची वाट पाहत आहेत, हे त्याला कोणी शिकवावे लागत नाही. ‘कर्मवीर’ ही पदवी लोकांनी त्यांना पुढे दिली, तिची पायाभरणी मला इथे दिसते.

त्या वेळचा चांदा जिल्हा ब्रह्मपुरीपासून सिरोंच्यापर्यंत पसरलेला होता. गडचिरोली त्यातून वेगळा झाला तो १९८२ साली. पावसाळ्यात नाले भरले की गावेच्या गावे तुटत. अशा मुलखात काँग्रेसचे काम करणे म्हणजे मुख्यतः चालणे. याच जिल्ह्यातील चिमूरने १९४२ साली इंग्रजी सत्तेला हादरा दिला. असा जिल्हा एका दिवसात जागा होत नाही. त्यामागे अनेक कार्यकर्त्यांची वर्षानुवर्षांची पायपीट असते, आणि कन्नमवार त्या कार्यकर्त्यांपैकी एक होते.

स्वातंत्र्यानंतर ते जुन्या मध्य प्रदेशात मंत्री झाले, मग द्विभाषिक मुंबई राज्यात, आणि १९६० नंतर महाराष्ट्रात. राज्ये तीन बदलली, पण त्यांना निवडून देणारी माणसे मूल-सावलीकडचीच राहिली. राजधानी नागपूरहून मुंबईला गेली, तरी हिशेब द्यायला त्यांना इकडेच यावे लागे.

१९६२ च्या ऑक्टोबरात चीनने आक्रमण केले. पंडित नेहरूंनी यशवंतराव चव्हाणांना संरक्षण खात्यासाठी दिल्लीला बोलावून घेतले, आणि २० नोव्हेंबरला राज्याची धुरा कन्नमवारांच्या खांद्यावर आली. दुसऱ्याच दिवशी चीनने युद्धबंदी जाहीर केली. पण देशाची चिंता तेवढ्याने संपली नव्हती. बासष्ट वर्षांचा हा माणूस संरक्षण निधीसाठी राज्यभर हिंडला. भद्रावती, भंडाऱ्याजवळील जवाहरनगर येथील संरक्षण कारखाने आणि ओझरचा विमान कारखाना हे त्या युद्धानंतरच्या काळातले. ते महाराष्ट्रात यावेत यासाठी कन्नमवारांनी धरलेल्या आग्रहाची आठवण आजही काढली जाते.

२४ नोव्हेंबर १९६३ रोजी, पदावर असतानाच, त्यांचे निधन झाले. दोनच दिवसांपूर्वी अमेरिकेत केनेडींची हत्या झाली होती आणि जगभरची वर्तमानपत्रे त्या बातमीने भरली होती. एके काळी वर्तमानपत्रे विकणाऱ्या माणसाच्या मृत्यूची बातमी अशा गर्दीत आली.

आता एक कटू गोष्ट बोलतो. आपला माणूस खुर्चीवर बसला, म्हणून वर्धा-वैनगंगेच्या काठची गरिबी हटली नाही. ती एका वर्षात हटणारही नव्हती. मुख्यमंत्री साऱ्या राज्याचा असतो. त्याने फक्त आपल्या गावचे पाहिले असते, तर आपण त्याला मोठा म्हटले नसते. मग आपण त्यांच्याकडून काय घ्यायचे? ती वाट. पैसा, मोठी जात, पदवी यांवाचून एक मुलगा मंत्रालयापर्यंत पोहोचला, कारण लोकांनी त्याचे चालणे पाहिले होते. ती वाट आज गोंडपिपरीतल्या एखाद्या गरीब मुलासाठी खुली आहे का? मत देताना आपण उमेदवाराच्या गाड्या मोजतो, की तो आपल्या दारी पूर्वी किती वेळा आला ते आठवतो?

ती वाट बुजते ती राजधानीत नव्हे, मित्रहो, मतदान केंद्रात. आणि मोकळी होते तीही तिथेच.