अमेरिकेतील सैन्यनोंदणी आणि आपली मुले



आपल्या ज्ञातीतील अनेक घरांची मुले-नातवंडे आज अमेरिकेत आहेत. तेव्हा हा विषय परका मानू नये. तेथील सक्तीची सैन्यभरती 1973 साली थांबली. परंतु सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्यावर राष्ट्राध्यक्ष कार्टर यांनी 1980 मध्ये तरुणांची नावनोंदणी पुन्हा सुरू केली. 18 ते 25 वयाच्या पुरुषांना, नागरिकांप्रमाणेच ग्रीन कार्डधारकांनाही, ती बंधनकारक आहे. वैध विद्यार्थी-व्हिसावर गेलेल्यास नाही. नोंदणी म्हणजे भरती नव्हे. त्यासाठी तेथील काँग्रेसला वेगळा कायदा करावा लागेल. तथापि जाणूनबुजून नोंदणी टाळणाऱ्यास पाच वर्षांपर्यंत कैद सांगितली आहे.

युद्ध नसता यादी कशाला, असे विरोधक विचारतात. ऐनवेळी धावपळ नको, असे समर्थकांचे उत्तर. मला खरा प्रश्न न्यायाचा वाटतो. व्हिएतनामच्या युद्धात महाविद्यालयीन विद्यार्थ्यांची भरती पुढे ढकलली जाई. मजुराच्या मुलास ही सवलत कोठून मिळावी? यादी करणे सोपे. ओझे सारखे वाटणे कठीण. आपल्या संविधानाचा 23 वा अनुच्छेद सार्वजनिक कार्यासाठी सक्तीच्या सेवेस मुभा देतो; परंतु तीत केवळ धर्म, वंश, जात वा वर्ग यांवरून भेद करण्यास मनाई करतो. ज्ञातीच्या व्यासपीठावरून हे मी मुद्दाम सांगत आहे.

अमेरिकेतील मुलांशी बोलाल तेव्हा त्यांचे नाव यादीत आहे की नाही, एवढे अवश्य विचारा. वयाची 26 वर्षे पूर्ण झाल्यावर ते घेतले जात नाही, आणि नागरिकत्वाच्या अर्जाच्या वेळी त्याची विचारणा होऊ शकते.