व्हीपीएन : आडोसा कोणाच्या भरवशावर?



किल्लारीत भिंतीविषयी बोलताना जपून बोलावे लागते. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी धरणी हादरली, तोवर या परिसरातील घरे दगडमातीची होती. भिंती हातभर रुंद, वर मातीच्या माळवदाचे ओझे, रस्त्याच्या बाजूस खिडकी क्वचितच. भिंत जाड म्हणून घर सुरक्षित आणि घरातली गोष्ट घरातच, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची समजूत होती. मात्र दगडाला दगड सांधणारा होता तो केवळ चिखल. हजारो जीव त्याच भिंतींखाली गेले. भिंत कशाने सांधली आहे हा प्रश्न त्या पहाटेने शिकविला, आणि महाजालावरील आडोशाबाबतही तोच प्रश्न प्रथम विचारावयास हवा.

त्या आडोशाला व्हीपीएन म्हणतात. एरवी भ्रमणध्वनीवर एखादे संकेतस्थळ उघडले की ती मागणी प्रथम इंटरनेट पुरविणाऱ्या कंपनीकडे जाते. बहुतेक स्थळांवरील मजकूर आज कूटबद्धच असतो. परंतु कोणत्या स्थळाला भेट दिली, केव्हा आणि किती वेळ, हे त्या कंपनीला सामान्यतः कळते. घरातील एखादी सून आपल्या दुखण्याविषयी वाचते, एखादा शेतकरी कर्जमुक्तीचा मार्ग शोधतो. यात लपविण्याजोगा गुन्हा कोणताच नाही, तरीही ते चव्हाट्यावर मांडण्याजोगेही नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी खासगीपण हा मूलभूत अधिकार असल्याचा निर्वाळा एकमताने दिला, तो अशाच साध्या जगण्यासाठी.

व्हीपीएन सुरू केले की फोन आणि दूरचा एक सर्व्हर यांच्यामध्ये कूटबद्ध बोगदा तयार होतो. इंटरनेट कंपनीला केवळ बोगद्याचे तोंड दिसते. संकेतस्थळाला घरचा आयपी पत्ता न दिसता त्या सर्व्हरचा दिसतो. (ब्राउझरमधील ‘इन्कॉग्निटो’ म्हणजे व्हीपीएन नव्हे. ते फक्त फोनवरील इतिहास ठेवत नाही. बाहेरच्याला दिसायचे ते दिसतेच.) मात्र फेसबुकवर स्वतःच्या नावाने प्रवेश केल्यावर बोगद्याचा काय उपयोग? तिथे माणूस स्वतःच आपली ओळख सांगतो. फसव्या दुव्यावर बोट ठेवून ओटीपी सांगणाऱ्यालाही व्हीपीएन वाचवू शकत नाही.

आता त्या चिखलाकडे वळू. इंटरनेट कंपनीपासून जे झाकले, ते व्हीपीएन पुरविणाऱ्याच्या हाती जाते. विश्वास नाहीसा होत नाही, तो एका दारातून दुसऱ्या दारात जातो. फेसबुकने २०१३ मध्ये ओनावो ही इस्रायली कंपनी विकत घेतली. तिचे फुकट व्हीपीएन माहितीच्या रक्षणाची ग्वाही देत होते. प्रत्यक्षात लोक कोणती ॲप किती वापरतात, याची नोंद फेसबुकच्या व्यापारासाठी घेतली जात होती. २०१८ मध्ये ते ॲपलच्या दुकानातून हटले आणि २०२३ मध्ये ऑस्ट्रेलियातील न्यायालयाने याप्रकरणी कंपनीच्या दोन उपकंपन्यांना दोन कोटी ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड केला. ज्या रखवालदाराला पगार द्यावा लागत नाही, त्याची चूल कशावर पेटते, याची चौकशी करावीच.

आपल्या देशात व्हीपीएन वापरणे हा सरसकट गुन्हा नाही; त्याच्या आडून केलेला गुन्हा मात्र गुन्हाच. सर्ट-इन या केंद्रीय संस्थेने २८ एप्रिल २०२२ रोजी निर्देश काढून व्हीपीएन कंपन्यांना ग्राहकाचे नाव, पत्ता, दिलेले आयपी पत्ते आदी नोंदी किमान पाच वर्षे ठेवण्यास सांगितले. कंपन्यांच्या अंतर्गत व्हीपीएनला यातून वगळण्यात आले. एक्स्प्रेसव्हीपीएन, नॉर्डव्हीपीएन, सर्फशार्क यांनी त्याच वर्षी भारतातील सर्व्हर काढून घेतले. गुन्ह्याच्या तपासासाठी नोंदी हव्यात, हा शासनाचा युक्तिवाद पोकळ नाही. परंतु सज्जनांच्या नोंदींचा पाच वर्षांचा साठा कधी फुटला तर भरपाई कोण करणार, हेही विचारणे रास्त आहे.

प्रत्यक्ष मांडणी अवघड नाही. शुल्क घेणारी, स्वतंत्र तपासणीचे अहवाल प्रसिद्ध करणारी सेवा निवडावी. ॲप अधिकृत दुकानातूनच घ्यावे. थोडे तंत्र जाणणाऱ्या तरुणाने भाड्याच्या सर्व्हरवर स्वतः ‘वायरगार्ड’ बसविले तरी चालते. त्यात किल्ल्यांची जोडी असते : सार्वजनिक किल्ली समोरच्या टोकाला द्यावयाची, खासगी किल्ली कोणालाही नाही. मात्र तिथे सर्व्हर भाड्याने देणारा आपले नाव जाणतोच. अँड्रॉइडच्या सेटिंगमध्ये व्हीपीएन सदैव चालू ठेवण्याची आणि ते तुटल्यास इंटरनेट अडविण्याची सोय बहुतेक फोनवर असते; दोन्ही चालू करावीत, अन्यथा बोगदा ढासळला तरी फोन उघड्या रस्त्याने चालू लागतो. नंतर आयपी पत्ता दाखविणाऱ्या एखाद्या स्थळावर, पत्ता खरोखर बदलला का, हे पाहावे. बँकेचे ॲप कधीकधी व्हीपीएनवर अडते. तेवढ्यापुरते ते बंद करावे, आणि काम आटोपल्यावर पुन्हा चालू झाले की नाही, हे घरातील ज्येष्ठांच्या फोनवर मुलांनी एकदा पाहून घ्यावे.