नाण्यावर पडणारा चेंडू
(रौप्यमहोत्सवी स्नेहसंमेलनातील भाषण)



मला बँकेतल्या गमती सांगायला उभं केलंय. पण मी बोलणार आहे बोलिंगवर. कारण शेवटी कळेल.

१२ जानेवारी १९६४, रविवार. मी शाळकरी पोरगा. मद्रासला इंग्लंडविरुद्ध कसोटी चालू होती आणि चाळीतल्या एकुलत्या एक रेडिओभोवती आम्ही गोळा झालो होतो. नाशिकचे बापू नाडकर्णी डावखुरी फिरकी टाकत होते. सलग २१ षटकं निर्धाव, ओळीने १३१ चेंडूंवर एकही धाव नाही! डावाचा हिशेब : ३२ षटकं, २७ निर्धाव, ५ धावा, बळी शून्य.

दादा म्हणाला, "विकेट नाही, तर उपयोग काय?"

बापू चेंडू फार वळवत नसत. सरावात खेळपट्टीवर नाणं ठेवून त्यावरच चेंडू टाकायचे, असं सांगतात. टप्पा असा, की फलंदाजानं पुढे यावं तर चेंडू हाती लागत नाही आणि मागे जावं तर मोकळेपणी मारता येत नाही. मीही गल्लीत चाराण्याचं नाणं ठेवून पाहिलं. शंभरात चार-पाचदा लागलं असेल! त्या १३१ चेंडूंची किंमत तेव्हा कळली.

त्याच वर्षी ऑक्टोबरात, मद्रासलाच, बापूंनी ऑस्ट्रेलियाचे ११ बळी घेतले. पहिल्या डावात ३१ धावांत ५, दुसऱ्यात ९१ धावांत ६. सामना आपण हरलो, पण दादाला उत्तर मिळालं. धावा रोखणारा हात बळीही घेतो, फक्त धीर लागतो.

पुढे बँकेत रोजची रोकड जुळवताना मला बापूच आठवायचे. जुळली तर टाळ्या नाहीत. पण एक दिवस चुकली, की सगळ्यांना कळतं.

आता कबुली. मी खजिनदार असताना दोन खिडक्यांच्या काचा फुटल्या आणि अंगणात 'खेळण्यास सक्त मनाई' ही पाटी मीच लावली. मुलं खाली यायची बंद झाली. अंगण शांत झालं खरं, पण मला ते बरं वाटत नाही.

म्हणून विनंती : संध्याकाळी एक तास अंगण मुलांना द्या. काच फोडतो तो बॅटवाला. नाण्यावर चेंडू टाकणारा कुणाचं काय फोडणार? नाणं मी देतो, टप्पाही शिकवतो. आणि तरीही काच फुटलीच, तर बिल माझ्या नावावर टाका.